नोटीस कुणाच्या नावाने, निरोप कुणाच्या फोनवर?

(महिला गटांच्या कार्यकर्त्यांच्या शिबिरात केलेल्या भाषणाचे शब्दांकन)



शिबिराच्या पत्रिकेत माझ्या नावापुढे 'कराच्या नोटिसा आणि बाजू मांडण्याचा हक्क' असं लिहिलेलं वाचून सकाळी चहाच्या वेळी दोघीतिघींनी मला विचारलं, "ताई, आपल्या बायकांकडे कर भरण्याइतकं असतं तरी काय?" प्रश्न बरोबर आहे. काही वर्षांपूर्वी मीही हेच विचारलं असतं. एम.एस.डब्ल्यू. करताना आम्हाला पोटगी शिकवली, 498अ शिकवलं, वस्तीतलं संघटन शिकवलं. कराचा 'क' कुणी काढला नाही. सल्ला केंद्रात येणारी बाई मारहाणीची, पोटगीची, घराबाहेर काढल्याची तक्रार घेऊन येते. एखादी कराची थकबाकी घेऊन येईल असं आमच्या स्वप्नातही नव्हतं.

तशी एक आली. तिचं नाव सांगत नाही, गावही सांगत नाही. मराठवाड्यातलं तालुक्याचं ठिकाण, एवढं पुरे. घरात शिलाई मशीन. फॉल-पिको, ब्लाउज, जूनमध्ये शाळेचे गणवेश. बचत गटाची सचिव. एक दिवस ती स्वतःच्या खात्यातून पैसे काढायला बँकेत गेली तर खिडकीतला माणूस म्हणाला, "बाई, तुमचं खातं गोठवलंय. जीएसटीवाल्यांचं पत्र आलंय." तिला वाटलं, याने दुसऱ्याच कुणाचं खातं उघडलं असेल. जीएसटीचा आणि ब्लाउज शिवण्याचा काय संबंध?

संबंध होता. नवऱ्याचा लोखंडी गेट आणि शेड बनवण्याचा धंदा. त्याच्या नावावरची जुनी नोंदणी थकबाकीत अडकलेली, म्हणून चार वर्षांपूर्वी नवी नोंदणी बायकोच्या नावाने काढली. "इथे सही कर. फोनवर आकडा आलाय तो सांग." तिने सही केली, आकडा सांगितला. आपल्यापैकी कितीजणींनी तेवढ्याच सहजपणे सह्या केल्यात ते आठवून बघा. पॅन कार्ड तिचं, आधार तिचं, फोटो तिचा. मात्र नोंदणीच्या अर्जात मोबाइल नंबर दिराचा आणि ईमेल हिशेबनिसाचा. पुढे नवरा घर सोडून गेला. दीर बोलेनासा झाला. आणि कर, व्याज, दंड मिळून सहा लाख चाळीस हजारांचा आदेश निघाला, तो हिच्या नावाने.

आम्ही तिला घेऊन कर कार्यालयात गेलो. तिथले गृहस्थ सभ्य होते, ओरडले वगैरे नाहीत. त्यांनी संगणकाचा पडदा आमच्याकडे वळवला. "नोटीस पोर्टलवर टाकली होती. स्मरणपत्र टाकलं. उत्तर आलं नाही. मग आम्ही काय करणार?" खात्याच्या बाजूने पाहिलं तर ते खोटं बोलत नव्हते. नोटीस निघाली होती. दिराच्या मोबाइलवर संदेश गेला असणार, हिशेबनिसाच्या डब्यात ईमेल पडला असणार. ज्या बाईचं नाव त्या कागदावर होतं, तिला सोडून सगळ्यांना कळलं होतं.

आता कायदा काय म्हणतो ते पाहू. जीएसटी कायद्याच्या कलम 75 चं चौथं पोटकलम अगदी थोडक्यात आहे, पण आपण ते पाठ करून ठेवावं असं आहे. करदात्याने लेखी मागणी केली तर त्याला सुनावणी द्यायचीच. आणि मागणी केली नसली तरी, त्याच्या विरुद्ध निर्णय देण्याचा विचार असेल तर द्यायचीच. म्हणजे उत्तर आलं नाही म्हणून सुनावणीची पायरी गाळता येत नाही. आम्ही हिची कारणे दाखवा नोटीस छापून घेतली. त्यात वैयक्तिक सुनावणीची तारीख, वेळ, जागा असे तीन रकाने होते. तिन्हींत 'लागू नाही' असं लिहिलेलं! हे एकाच कार्यालयाचं आहे असं समजू नका. अलाहाबाद उच्च न्यायालयाने 2022 मध्ये भारत मिंट कंपनीच्या आणि 2024 मध्ये महावीर ट्रेडिंग कंपनीच्या प्रकरणात याच कारणासाठी आदेश रद्द केले, आणि त्यानंतरही तशीच प्रकरणं येत राहिली.

पोर्टलवर टाकलेली नोटीस पोचली असं मानायचं का, हा वेगळाच वाद आहे. कलम 169 मध्ये नोटीस बजावण्याचे अनेक मार्ग दिलेत : हातात देणं, पोचपावतीचं टपाल, ईमेल, पोर्टल, वर्तमानपत्र, शेवटी दारावर चिकटवणं. पोर्टल हा त्यातला एक कायदेशीर मार्ग आहे, हे मान्य करायला हवं. पण एक काळ असा होता की पोर्टलवर नोटिसांचे दोन कप्पे होते. एक साधा, आणि दुसरा 'अतिरिक्त नोटिसा' नावाचा. माणसं पहिला कप्पा उघडून बघत, आणि नोटीस दुसऱ्यात पडलेली असे. मद्रास उच्च न्यायालयाने अशा कितीतरी प्रकरणांत आदेश रद्द करून फेरसुनावणी द्यायला लावली. नंतर, जानेवारी 2024 मध्ये, ती मांडणी बदलण्यात आली. शिकल्या-सवरलेल्या व्यापाऱ्यांना जे सापडलं नाही ते आमच्या शिलाईवालीला सापडायला हवं होतं म्हणे.

आता या सगळ्यातली खरी मेख ऐका. मला ती कळली त्या रात्री झोप लागली नाही. आदेश पोचल्यापासून अपील करायला तीन महिने असतात. त्यावर फार तर आणखी एक महिना, तोही सबळ कारण दिलं तर. आणि त्याच कायद्यात वसुलीसाठी खात्याने किती थांबायचं? सर्वसाधारणपणे तीन महिने. म्हणजे पोर्टल न बघणाऱ्या बाईला बातमी कळते ती बँकेतून, आणि बँकेचं पत्र निघतं ते अपिलाची मुदत संपल्यावर. हिला कळलं तेव्हा पाच महिने झाले होते. जास्तीचा एक महिनाही गेलेला. अपिलाचं दार बंद, खातं बंद, आणि खात्यात गणवेशाच्या कामाचे पैसे.

अशा वेळी राहतं ते उच्च न्यायालय, राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खालचा रिट अर्ज. तिथेही वाट सरळ नाही. सर्वोच्च न्यायालयाने 2020 मध्ये ग्लॅक्सो स्मिथक्लाइनच्या प्रकरणात बजावलंय की अपिलाची मुदत झोपेत घालवून मागच्या दाराने रिट घेऊन येऊ नका. मात्र 1998 च्या व्हर्लपूल प्रकरणापासून हेही स्पष्ट आहे, की नैसर्गिक न्यायाचं तत्त्व मोडलं असेल तर दुसरा उपाय उपलब्ध असूनही उच्च न्यायालय दाद देऊ शकतं. आपला अर्ज या फटीतून आत न्यायचा असतो. त्यासाठी दाखवावं लागतं की मला बोलावलंच नाही. 'कर जास्त लावला' एवढ्यावर भागत नाही.

नैसर्गिक न्याय हा शब्द मोठा वाटतो, पण दुसऱ्याचं ऐकल्याशिवाय त्याला शिक्षा करू नये एवढाच त्याचा अर्थ. याची एक जुनी गंमत सांगते. 1723 मध्ये इंग्लंडात केंब्रिज विद्यापीठाने बेंटली नावाच्या विद्वानाच्या पदव्या त्याचं म्हणणं न ऐकता काढून घेतल्या. प्रकरण न्यायालयात गेलं तेव्हा एक न्यायाधीश म्हणाले की देवानेसुद्धा आदामला बागेतून हाकलण्याआधी विचारलं होतं, फळ खाल्लंस का? आणि हव्वेलाही तेच विचारलं होतं. कायद्याच्या पुस्तकांत आदामचा दाखला नेहमी देतात, हव्वेचं वाक्य बरेचदा गाळतात. मी ते मुद्दाम लक्षात ठेवलंय.

आपल्याकडे 1954 मध्ये सर्वोच्च न्यायालयापुढे ढाकेश्वरी कॉटन मिल्सचं प्रकरण आलं. इतर गिरण्यांच्या नफ्याशी तुलना करून या गिरणीचा नफा अंदाजाने वाढवला, पण ती तुलनेची माहिती गिरणीला दाखवलीच नाही. न्यायालयाने म्हटलं, कर अधिकाऱ्याला अंदाज करता येतो, पण निव्वळ संशयावर आणि लपवलेल्या माहितीवर नाही. 1978 मध्ये मनेका गांधींचं पारपत्र न विचारता जप्त केल्याचा खटला गाजला आणि हे तत्त्व अनुच्छेद 21 शी कायमचं जोडलं गेलं. 2015 मध्ये अंदमान टिंबरच्या प्रकरणात न्यायालयाने सांगितलं, की ज्या साक्षीदारांच्या जबानीवर तुम्ही कर लावता त्यांना उलट प्रश्न विचारण्याची संधी द्या. लक्षात येतं ना? एक मनेका गांधी सोडल्या तर सगळ्या गिरण्या आणि कंपन्या. त्यांच्याकडे वकिलांच्या फौजा होत्या, त्या भांडल्या. पण त्यांनी मिळवलेला हक्क त्यांच्यापुरता राहिलेला नाही. फॉल-पिको करणाऱ्या बाईच्या अर्जातही तेच दाखले चालतात, आणि चालले.

सुनावणी म्हणजे केबिनमध्ये खुर्ची देणं नव्हे. आरोप काय आहे हे कळेल अशा भाषेत कळलं पाहिजे, तुमच्याकडे काय पुरावा आहे तो दाखवला पाहिजे, उत्तराला पुरेसा वेळ दिला पाहिजे, आणि आदेशात माझं म्हणणं का पटलं नाही त्याचं कारण लिहिलं पाहिजे. 'उत्तर समाधानकारक नाही' हे कारण नव्हे. प्राप्तिकराच्या कायद्यात 2021 पासून कलम 148अ आलं. जुनं वर्ष पुन्हा उघडण्याआधी कारणे दाखवा नोटीस आणि हाती असलेली माहिती द्यायची, असं त्यात आहे. त्या सुमाराला खात्याने जुन्याच पद्धतीने सुमारे नव्वद हजार नोटिसा काढल्या आणि देशभर रिट अर्जांचा पाऊस पडला. 2022 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्या नोटिसा सरसकट रद्द न करता नव्या कलमाखालच्या कारणे दाखवा नोटिसा समजा, असं ठरवलं. म्हणजे खात्यालाही वाचवलं आणि करदात्यालाही उत्तराची संधी दिली. जाता जाता एक गोष्ट : 1 एप्रिल 2026 पासूनच्या कारभाराला 2025 चा नवा प्राप्तिकर कायदा, आणि जुन्या वर्षांच्या प्रकरणांना 1961 चाच. कलमांचे क्रमांक बदलले म्हणून घाबरू नका.

आग्र्याचं प्रकरण मात्र सविस्तर सांगायला हवं. 2016 च्या नोटबंदीत एका गृहिणीने स्वतःच्या खात्यात 2 लाख 11 हजार 500 रुपये भरले. अधिकाऱ्याने विचारलं, कुठून आले? ती म्हणाली, नवऱ्याने, मुलाने, नातेवाइकांनी वेळोवेळी दिलेल्या पैशांतून मी साठवले. अधिकाऱ्याने ते मानलं नाही आणि सगळी रक्कम 'स्पष्टीकरण नसलेला पैसा' म्हणून उत्पन्नात धरली. अशा पैशावर त्या वर्षी नुसता कर 60 टक्के होता, अधिभार वेगळा. पहिल्या अपिलात ती हरली. 2021 च्या जूनमध्ये प्राप्तिकर अपील न्यायाधिकरणाच्या आग्रा पीठाने तिचं म्हणणं मान्य केलं. नोटबंदीत गृहिणींनी भरलेल्या अडीच लाखांपर्यंतच्या रकमेवर, दुसरा पुरावा नसेल तर, असा संशय घेता येणार नाही, असं सांगितलं. घर चालवणाऱ्या बाईच्या श्रमाबद्दलही पीठाने बरंच लिहिलं.

डब्यातले, साड्यांच्या घडीतले पैसे आपल्याला माहीत आहेत. ते नवऱ्यापासून लपवलेले असतात म्हणून त्यांची पावती नसते. पावती नाही म्हणून ते सरकारला काळे वाटतात! मला या निकालाबद्दल एक कुरकुर आहे. तो गृहिणीपुरता आणि अडीच लाखांपुरता थांबतो. भाजी विकणारी, धुणीभांडी करणारी, तिची वीस वर्षांची रोकड बचत कुठे बसवायची? पण मुद्दा असा की ती बाई तिसऱ्या पायरीपर्यंत गेली, एकच साधं उत्तर देत राहिली, आणि अखेर कुणीतरी ते वाचलं.

विधवांचं सांगते. नवरा वारल्यावर दोन-तीन वर्षांनी त्याच्या नावाने नोटीस येते. सासरचे म्हणतात, आता हे तुझ्यावर. दोन गोष्टी ध्यानात ठेवा. मेलेल्या माणसाच्या नावाने जुनं वर्ष उघडण्याची नोटीस काढली तर ती टिकत नाही, असं मुंबई उच्च न्यायालयाने 2019 मध्ये सांगितलंय. दिल्ली उच्च न्यायालयाने 2020 मध्ये पुढे जाऊन म्हटलं, की मृत्यूची खबर खात्याला देण्याचं कायदेशीर बंधन वारसावर नाही. दुसरी गोष्ट, वारस म्हणून प्राप्तिकराची जबाबदारी येते ती त्याच्याकडून जेवढं मिळालं तेवढ्यापुरती. तुमच्या मजुरीवर, तुमच्या माहेरच्या दागिन्यांवर ती चढत नाही. मात्र नोटीस चुकीची आहे म्हणून फाडून टाकू नका. मृत्यूच्या दाखल्यासह लेखी उत्तर द्या आणि पोच घ्या.

आपल्या संस्थांचंही तेच. न्यासाची प्राप्तिकर नोंदणी रद्द करण्याआधी म्हणणं ऐकावं लागतं. पण नोटीस जाते ती जुन्या विश्वस्ताच्या ईमेलवर, जो कधीच शहर सोडून गेलेला असतो. घरी गेल्यावर तेवढं तपासा.

तर आमच्या बाईचं काय झालं? वकिलाच्या फीचा प्रश्न होता. विधी सेवा प्राधिकरण कायदा, 1987 च्या कलम 12 नुसार कोणत्याही स्त्रीला, तिचं उत्पन्न काहीही असो, मोफत वकील मिळू शकतो. हे आपण कौटुंबिक खटल्यांत वापरतो, पण कराच्या प्रकरणात वापरायचं आम्हाला सुचलं नव्हतं. उच्च न्यायालयाच्या विधी सेवा समितीकडे अर्ज केला, एक वकीलबाई मिळाल्या. त्यांनी अर्जात पहिलंच पान त्या 'लागू नाही'च्या रकान्यांचं लावलं. खंडपीठाने आदेश रद्द केला, खातं मोकळं करायला सांगितलं आणि प्रकरण नव्याने सुनावणीसाठी त्याच कार्यालयाकडे पाठवलं.

रद्द झाला तो आदेश. नोटीस राहिली. हे आपण बायकांना आधीच सांगितलं पाहिजे. 'हायकोर्टात जिंकलो' म्हणून पेढे वाटले आणि दुसऱ्या महिन्यात सुनावणीचं पत्र आलं, की बाई खचते. आमचीही खचली होती. त्यात वकीलबाईंनी स्पष्टच सांगितलं, "सही माझी पण धंदा त्यांचा, एवढ्यावर तुम्ही सुटणार नाही. नोंदणी ज्याच्या नावाने, जबाबदारी त्याची." मला हे ऐकून राग आला. आजही येतो. घरात तिला हिशेब विचारायची सोय नव्हती, आणि कायदा मात्र तिलाच मालक धरतो. प्राप्तिकराच्या बाबतीतही आपल्याकडे बायको ही नवऱ्याहून वेगळी करदाती आहे. इंग्लंडात बायकोचं उत्पन्न नवऱ्याचं समजण्याची पद्धत 1990 मध्ये संपली. कागदावर आपण त्यांच्या पुढे होतो. फक्त कागदाला जोडलेला फोन तिचा नव्हता.

सुनावणीच्या दिवशी ती नीट बोलली. मुख्य प्रश्न असा होता की खरेदीची बिलं न दाखवल्यामुळे भरलेल्या कराची वजावट नाकारली होती. बिलं हिशेबनिसाकडे. तो हिला म्हणायचा, "भाऊंनी सांगितलं तर देतो." तिने अधिकाऱ्यापुढे लेखी मागणी केली की या माणसाला समन्स काढा. कायद्याने तो अधिकार अधिकाऱ्याला आहे, आणि त्यांनी तो वापरला. दोन कापडी पिशव्या भरून बिलं आली. चार वर्षं तिच्या नावाने काय चाललं होतं ते तिने पहिल्यांदा पाहिलं. आम्ही तीन दुपारी केंद्रात बसून ती वर्षवार लावली. बरीच बिलं नीट आहेत, काही संशयास्पद आहेत. नवा आदेश अजून आलेला नाही. कमी होईल, पण शून्य होणार नाही असं वकीलबाईंचं मत. ती नोंदणी रद्द करण्याचा अर्ज तिने स्वतः दिलाय. नुसत्या शिलाईच्या कामाला वर्षाला वीस लाखांच्या आत जीएसटीची नोंदणी लागतही नाही.

माझं बोलणं लांबलं. आता चहा आहे, आणि चहानंतर कुणी लगेच गाडी पकडू नका. आपापलं पॅन कार्ड आणि फोन घेऊन पाच-पाचजणींनी बसायचंय. जीएसटीच्या पोर्टलवर पॅन नंबर टाकून आपल्या नावाने कुठे नोंदणी आहे का ते दिसतं, त्याला पासवर्ड लागत नाही. असेल आणि फोन दुसऱ्याचा असेल, तर ओळखपत्र घेऊन त्या भागाच्या अधिकाऱ्याकडे मोबाइल आणि ईमेल बदलण्याचा अर्ज करायचा. नमुना छापून आणलाय, मागच्या टेबलावर आहे. प्राप्तिकराच्या पोर्टलवरचा नंबर आधारच्या आकड्याने आपला आपण बदलता येतो. जिच्या आधारलाच नवऱ्याचा नंबर जोडलेला आहे, तिने हात वर करा, म्हणजे आधार केंद्रात एकदम जाण्याचा दिवस ठरवू.